थांबलेली पट्टी

प्रुफं तपासायला दोन माणसं लागतात. या घरातल्या पोरांना हे बाराखडीच्या आधी कळलं होतं. एकानं हस्तलिखित मोठ्यानं वाचायचं, तेही स्वल्पविराम, पूर्णविराम, अवतरणचिन्हं सगळं म्हणून. दुसऱ्यानं प्रुफातल्या ओळीखाली पुठ्ठ्याची पट्टी धरायची, ती एकेक ओळ खाली सरकवायची आणि परिच्छेद संपला की म्हणायचं, "बरोबर." टेबलावर पाणी नाही, चहा नाही, थेंब सांडला तर अख्खं पान गेलं. अडतीस वर्षं बाबा वाचत होते आणि आई "बरोबर" म्हणत होती. शेजारचे म्हणायचे, नवराबायकोचं इतकं एकमत आम्ही कुठं पाहिलं नाही. त्यांना काय माहीत! ती पट्टी हातात असली की एकमत, एरवी पंखा किती जोरात फिरवायचा यावरूनही दोघांची जुंपायची.

आई जाऊन दोन वर्षं झाली आणि समग्र वाङ्मयाचं काम नेमकं त्यानंतर निघालं. नऊ खंड. चार राजकीय कादंबऱ्या आणि जुन्या, आज कुणीच बोलत नाही अशा भाषांमधली पाच भाषांतरं. घरात या पुस्तकांना त्यांच्या खऱ्या नावानं कुणी हाक मारलीच नाही. एक 'जाडी', एक 'रडकी', वेढा पडलेल्या शहरावरचं ते बारा हजार ओळींचं काव्य म्हणजे नुसता 'वेढा', आणि शेवटची कादंबरी 'निळी', कारण तिचं कव्हर निळं. पहिल्या आठ खंडांची प्रुफं बाबांनी एकट्यानं तपासली. म्हणजे काय करायचे, तर इकडे बसून मोठ्यानं वाचायचे, समोरच्या रिकाम्या खुर्चीकडे बघून थोडं थांबायचे, मग उठून पलीकडे जायचे आणि उभ्यानंच प्रुफ बघायचे. त्या खुर्चीत बसायचे नाहीत. सहाव्या खंडात दोन पानं दोनदा छापली गेली तेव्हा संपादकबाईंनी मुलीला फोन केला.

"अहो, त्यांना सगळं पाठ आहे. ते कागदावरचं वाचतच नाहीत, डोक्यातलं वाचतात. नवव्याला तरी कुणीतरी बसा हो त्यांच्याबरोबर."

म्हणून शुक्रवारपासून मुलगी येऊन राहिली होती आणि आज रविवार म्हणून मुलगाही आला होता. नववा खंड म्हणजे 'निळी'. ती तपासून झाली होती. बाईंच्या प्रस्तावनेची चार पानं उरली होती आणि सहा वाजता बाईंचा माणूस सगळं न्यायला येणार होता. मुलीनं स्वयंपाकघरातलं स्टूल आणून आईच्या खुर्चीशेजारी ठेवलं होतं. बाबांनी चष्मा पुसला. तेवढ्यात बेल वाजली.

मुलानं दार उघडलं.

"उद्गार?" दारातला म्हातारा म्हणाला.

त्याला या नावानं हाक मारणारं जगात एकच माणूस होतं, आणि त्या माणसानं तीस वर्षांत या घरात पाऊल टाकलं नव्हतं. लहानपणी हा पोरगा सारखा टाहो फोडायचा म्हणून काकांनी त्याचं नाव ठेवलं होतं 'उद्गार'. ताई मोठ्यांच्या मधे मुकाट बसून असायची, ती 'स्वल्प'. छापखाना चालवणाऱ्या माणसाच्या डोक्यात दुसरं काय येणार!

"काका? या ना. आत या."

"दादा आहे?"

"आहेत. पण प्रुफांचं काम..."

"माहितेय. त्याच्यासाठीच आलोय."

मुलगा लिफ्टचा निरीक्षक होता. अडकलेल्या लिफ्टचं दार उघडलं की आतली माणसं कशी बघतात, हे त्याला चांगलं ठाऊक होतं. काका तसेच बघत होते. आई गेली त्या दिवशी ते फाटकापर्यंत आले होते, त्यानं गच्चीवरून पाहिलं होतं. दहा मिनिटं उभे राहिले आणि परत गेले. त्यानं ते कुणाला सांगितलं नव्हतं. या घरात काकांचा विषय काढायचा नाही, हा नियम त्याला पाचव्या वर्षापासून पाठ होता.

विषय तसा दोन ओळींत सांगून होण्यासारखा होता. बाबांची सगळी पुस्तकं काकांच्या छापखान्यात छापली जायची. 'निळी' छापली ते दिवस वाईट होते. चौकातल्या मोर्चावर गोळीबार झाला होता आणि हुकूम कुणाचा होता ते सगळ्यांना ठाऊक असून कुणी बोलत नव्हतं. बाबांनी ते एका परिच्छेदात लिहिलं, सभागृहातल्या माणसांच्या तोंडी, कुणीही ओळखेल असं. कामगारांवर विसंबायला नको म्हणून काकांनी शटर ओढून घेऊन अख्ख्या पुस्तकाचे खिळे, एकेक अक्षर करून, स्वतः जुळवले. पुस्तक आलं. तो परिच्छेद त्यात नव्हता. त्याच्याशिवाय 'निळी' म्हणजे चार पुढाऱ्यांची भांडणं, दुसरं काही नाही. तिच्यावर बंदी आली नाही, बाबांना कुणी उचलून नेलं नाही. बाबा छापखान्यात गेले, सगळ्यांदेखत भावाला म्हणाले, "घाबरलास," आणि तिथून जे आले ते आलेच. पुढे त्यांनी कादंबरीही लिहिली नाही. मेलेल्या भाषांकडे वळले. म्हणायचे, तिथं निदान कुणी कुणाला घाबरत नाही.

"कशाला आलायस?" बाबांनी विचारलं. बस म्हणाले नाहीत.

काकांनी खिशातून चौघडी केलेला कागद काढला. "बाईंनी पाठवला. माझ्याबद्दल लिहिलंय म्हणून मला दाखवला. सभ्य बाई आहे." त्यांनी कागद लांब धरून वाचला. "'लेखकाचे धाकटे बंधू हेच मुद्रक होते. त्यांनी घाबरून हा परिच्छेद गाळला.' दादा, एक शब्द काढ. 'घाबरून' एवढा काढ. बेफिकीर होतो म्हण, नालायक होतो म्हण, माझी काही तक्रार नाही. मी भित्रा नव्हतो."

"मग परिच्छेद काय पंख फुटून गेला?"

"तेच सांगतोय. बाईंनी तोही पाठवलाय बघ. तीस वर्षांनी डोळ्यांपुढे आला माझ्या. सुरुवात काय त्याची? 'त्या दिवशी सभागृहात'. आणि पुढच्या परिच्छेदाची? 'त्या दिवशी सभागृहात'. एक जुळवायला घेतला, मान वर केली, परत कागदावर नजर गेली ती थेट दुसऱ्यावर. पहिला राहूनच गेला. एवढंच झालं असावं."

"असावं!"

"तुझाच शब्द आहे. 'वेढा' मी विकत घेऊन वाचलाय की! चौदा तळटीपा आहेत त्यात, मी मोजल्यात. इथे चार ओळी गळल्या आहेत, लेखनिकाची नजर एका ओळीवरून तशाच दुसऱ्या ओळीवर गेली असावी. तिथे सहा गळल्या आहेत, लेखनिकाची नजर गेली असावी. दोन हजार वर्षांपूर्वीचा कोण कुठला माणूस, त्याला तू चौदा वेळा माफ केलंस, दादा. मी तर सख्खा भाऊ!"

मुलाला हसू येता येता राहिलं. दुपारपर्यंत तो बाबांच्या बाजूनं होता, कारण पुस्तक एकदाचं हातावेगळं व्हायला हवं होतं. आता त्याला वाटलं, म्हातारा काय वाईट बोलत नाहीये. त्यानं ताईकडे पाहिलं. ताई पट्टीकडे बघत होती.

"त्या लेखनिकाचं प्रुफ मी तपासलं नव्हतं," बाबा शांतपणे म्हणाले. त्यांचा आवाज उतरला की समजावं, ते संतापलेत. "तुझं तपासलं. याच टेबलावर. मी वाचत होतो, ही समोरच्या खुर्चीत पट्टी धरून होती. तो परिच्छेद मी शब्दन्‌शब्द वाचला, मला आवाजसुद्धा आठवतोय माझा. आणि ही म्हणाली, बरोबर. म्हणजे प्रुफात तो होता. म्हणजे तो नंतर गेला. नंतर कुणाच्या हातात होतं ते? माझ्या? हिच्या? का तुझ्या?"

काकांनी बाईंचा कागद पुन्हा चौघडी करून खिशात ठेवला.

हा हिशेब काकांनी स्वतःशी किती वेळा मांडला होता ते त्यांचं त्यांना माहीत. छापखाना तिसऱ्या वर्षी मोडीत गेला. भित्र्या मुद्रकाकडे कोण लेखक पुस्तक देणार? त्यानंतर ते एका वहीवाल्याच्या दुकानामागे शाळांची हजेरीपत्रकं बांधायचं काम करत होते. लग्न राहूनच गेलं. सुई-दोरा घेऊन दिवसभर एकटे बसायचे आणि विचार करायचे. मी काढला नाही, हे मला माहीत आहे. पण वहिनी "बरोबर" म्हणाल्या, आणि वहिनी कधी चुकल्या नव्हत्या. सातशे पानांच्या 'जाडी'त एक उलटा पडलेला खिळा त्यांनी शोधून काढला होता. म्हणजे परिच्छेद प्रुफात होता. म्हणजे मीच काढला. काढला आणि विसरलो? भीतीनं माणूस विसरतो म्हणतात. असं बांधता बांधता, शिवता शिवता एक वेळ अशी आली की आपण भित्रे होतो हे त्यांना स्वतःलाच खरं वाटायला लागलं. भावानं भित्रा म्हटलेलं सहन होतं. स्वतःला वाटायला लागलं, ते सहन होईना. आणि मग बाईंचं पाकीट आलं, आणि त्यात ते दोन परिच्छेद एकाखाली एक.

"वहिनींची एखादे वेळी नजर..." ते म्हणाले.

"तिच्याबद्दल एक अक्षर बोलायचं नाही!" बाबा ताडकन उठले. खुर्ची मागे कलंडली, ती मुलानं धरली. "या घरात येऊन तिच्यावर ढकलतोस? लाज वाटत नाही?"

"मी चहा ठेवते," ताई म्हणाली आणि आत गेली.

"काय गं, ताई? काय झालं?" भाऊ मागोमाग आत आला.

"काही नाही. दूध काढ."

"काही नाही काय? काल फोनवर पण तुझा आवाज असाच होता. बोल ना!"

तिनं गॅस पेटवला, पातेलं ठेवलं, पाणी घालायचं विसरली. कोरडं पातेलं तापायला लागलं तसा त्यानंच गॅस बंद केला.

"मी तिथं होते," ती म्हणाली. "तेव्हा. नऊ वर्षांची होते. आईच्या शेजारी, याच स्टुलावर. ती पट्टी सरकवायची आणि मी बोट ठेवून वाचायचे, मला मजा वाटायची. बाबा वाचत होते. आणि पट्टी थांबली."

"थांबली म्हणजे?"

"म्हणजे प्रुफात नव्हताच तो परिच्छेद. काका म्हणतायत ते खरंय, त्यांच्याकडून जुळवतानाच गळला होता. बाबा वाचतायत, वाचतायत, आणि पट्टी एका जागी. मी आईकडे बघितलं. मला वाटलं, आता म्हणेल, थांबा हो, इथं काहीतरी राहिलंय. तिनं टेबलाखालून माझा गुडघा असा दाबला, असा दाबला, की दुसऱ्या दिवशी निळा पडला होता. आणि बाबांचं वाचून झाल्यावर म्हणाली, बरोबर."

भाऊ ओट्याला टेकून उभा राहिला.

"समोरच्या दुकानापाशी एक माणूस रोज उभा असायचा तेव्हा. तुला नसेल आठवत, तू पाच वर्षांचा. सकाळी आला की संध्याकाळपर्यंत. आई पडदा जरासा सरकवून बघायची. बाबांच्या ओळखीच्या दोघांना नेलं होतं. तिला ते आयतंच मिळालं रे. कुणी काही केलं नव्हतं, नुसतं राहून गेलं होतं. तिनं फक्त बोलायचं नव्हतं."

"आणि काकांचं काय?"

"तिला काय माहीत, बाबा तिथं जाऊन तसं बोलतील! आणि एकदा बोलल्यावर मग कुठल्या तोंडानं सांगणार?"

ताई एका दवाखान्यात लोकांचे कान तपासायची. काचेच्या खोलीत माणसाला बसवायचं, कानावर यंत्र लावायचं, ऐकू आलं की बटण दाबा म्हणायचं. वीस वर्षांत तिला एक कळलं होतं. काही माणसांना ऐकू येतं आणि ती बटण दाबत नाहीत. ती ताबडतोब ओळखू येतात, कारण त्यांचा चेहरा फार कोरा असतो. असा चेहरा आपण कुठं पाहिलाय, हे तिला पहिल्याच दिवशी आठवलं होतं.

"ताई," भाऊ म्हणाला, "नको सांगूस."

"अरे, काका बाहेर बसलेत."

"दिसतंय मला. मलाही वाईट वाटतं. आपण बाईंना फोन करू, तो शब्द काढायला लावू, बाबांना गुंडाळू काहीतरी सांगून. पण आईचं नको. त्यांच्याकडे दुसरं काय उरलंय? सगळं आयुष्य ते म्हणत आलेत की सगळ्यांनी दगा दिला, एकटी ही नाही. त्या खुर्चीत बसत नाहीत ते, तू बघितलंस ना? आई तरी राहू दे त्यांच्याकडे."

तिनं पातेल्यात पाणी घातलं. चुर्र झालं.

"जाण्याच्या आदल्या आठवड्यात आई मला म्हणाली, पट्टी थांबली होती, आठवतं का गं तुला?"

"मग? तू काय म्हणालीस?"

"नाही म्हणाले."

चहा कुणी घेतला नाही. बाबांनी घड्याळाकडे पाहिलं, पाच वाजून गेले होते. "चला, चार पानं राहिलीत," ते म्हणाले. "तो बसतोय तर बसू दे तिकडे. ऐकू दे. तीस वर्षं लोक जे म्हणत आले तेच त्यात लिहिलंय, त्याला नवीन नाही." काका खिडकीखालच्या बाकावर टेकले. छत्री त्यांनी दोन्ही हातांत धरली होती.

बाबा वाचायला लागले आणि हळूहळू त्यांना बरं वाटलं. वाचताना त्यांना नेहमीच बरं वाटायचं. अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या माणसाला सुखाची अशी जागा कितीशी उरते! बाई लिहायच्या चांगलं, थोडं साखर घालून. चारही कादंबऱ्यांबद्दल आदरानं लिहिलं होतं. भाषांतरांबद्दल लिहिलं होतं की स्वल्पविराम आपल्या काळाकडे पाठ फिरवून नव्हे तर आपल्या काळाला तोंड देण्यासाठीच लेखक जुन्या ग्रंथांकडे गेला पूर्णविराम. हे वाचताना ते मनात म्हणाले, चूक. पाठच फिरवली होती. पण वाचक म्हणून त्यांचं काम वाचायचं होतं. "बरोबर," मुलगी म्हणाली. त्यांच्या पत्नीबद्दल तीन ओळी होत्या, की त्या पहिल्या वाचक आणि एकमेव विश्वासू सहकारी. "बरोबर," मुलगी म्हणाली, पण उशिरा.

मग तो परिच्छेद आला. "'लेखकाचे धाकटे बंधू हेच मुद्रक होते पूर्णविराम. त्यांनी घाबरून हा परिच्छेद गाळला पूर्णविराम.'"

ते थांबले. पलीकडून काही आलं नाही.

"हं?"

मुलीनं पट्टी धरली होती. पट्टी हलत नव्हती.

"काय, चूक आहे का काही? काय छापलंय तिथं?"

"जे तुम्ही वाचलंत तेच छापलंय, बाबा."

"मग बरोबर म्हण की."

"नाही म्हणणार."

"ताई!" मुलगा म्हणाला.

"एकदा म्हणून झालंय, बाबा. याच टेबलावर. प्रुफात तो परिच्छेद नव्हता. तुम्ही वाचत होतात आणि पट्टी थांबली होती. मी इथंच बसले होते. आईनं पाहिलं, मी पाहिलं. ती मुद्दाम म्हणाली, बरोबर." तिनं पट्टी खाली ठेवली. "काकांनी काही केलं नाही हो. त्यांची नजर चुकली फक्त. बाकीचं आईनं केलं. तुम्हाला नेतील म्हणून."

काकांची छत्री खाली पडली. ती उचलायला कुणी वाकलं नाही.

बाबांना पहिल्यांदा राग आला. नऊ वर्षांच्या पोरीला काय कळतं! तीस वर्षांनी माणसाला काहीही आठवतं. तो भाऊ येऊन बसला, पोरीचं मन हळवं, झालं. ते हे सगळं बोलणार होते. पण जन्मभर जुन्या पोथ्यांत गेलेल्या माणसाची खोड जात नाही. त्यांनी पुरावा विचारला.

"मी वाचून थांबलो. ती बरोबर म्हणाली. आणि मग? मग काय केलं तिनं?"

मुलीनं डोळे मिटले. "पाणी प्यायली."

"टेबलावर पाणी नसायचं."

"नसायचंच. उठून आत गेली आणि पेला इथं घेऊन आली. टेबलावर ठेवला, प्रुफाच्या शेजारी. तुम्ही म्हणालात..."

"मी म्हणालो, 'आज नियम बाईसाहेबांनीच मोडला,'" बाबा म्हणाले.

त्यांनी हातातला कागद खाली ठेवला. पेला त्यांना आता दिसत होता, त्याच्याखाली उमटलेलं पाण्याचं गोल कडंसुद्धा. तिचा हात थरथरत होता आणि त्यांना वाटलं होतं, आपण वाचलंच तसं जबरदस्त! त्या वाचण्यानं बायको हलली म्हणून ते मनातून खूश झाले होते. तीस वर्षं खूश होते.

"पुढे कधी बोलली का तुला काही?"

मुलीनं आईचं ते शेवटचं बोलणं सांगितलं. पट्टी आठवते का म्हणाली, मी नाही म्हटलं.

"नाही का म्हटलंस?"

"मला वाटलं, कुणालाच ठाऊक नाही असं समजली तर शांतपणे जाईल."

"म्हणजे शेवटीसुद्धा एकटीच," बाबा म्हणाले. "समोर बसायची माझ्या. अठ्ठावीस वर्षं हे पोटात घेऊन रोज समोर बसायची, आणि मी वाचतोय आपला. स्वल्पविराम, पूर्णविराम."

मग काका उठून टेबलापाशी आले.

"दादा, मी भ्यालो नव्हतो," ते म्हणाले. भावाला सांगत होते की स्वतःला, ते कळत नव्हतं. त्यांचे डोळे भरून आले होते आणि चेहरा मात्र हसरा दिसत होता. "बघ ना. मला वाटायला लागलं होतं की भ्यालोच असेन. नव्हतो भ्यालो."

"नव्हतास. मी तुझा छापखाना खाल्ला."

"हो," काका म्हणाले. जाऊ दे, झालं गेलं, असं काही म्हणाले नाहीत. थोड्या वेळानं म्हणाले, "वहिनींचं नाव त्यात घालायचं नाही मात्र. शपथ आहे तुला. माझी नजर चुकली, तेवढं लिही. ते खरंच आहे."

बाबांनी पेन घेतलं. 'घाबरून' वर रेघ मारली, मग अख्ख्या वाक्यावरच मारली आणि समासात लिहिलं, 'खिळे जुळवताना नजरचुकीने हा परिच्छेद त्यांच्याकडून गळला.' अक्षर इतकं वाकडं आलं की मुलीनं खाली पुन्हा सुवाच्य लिहून दिलं. मुलगा इतका वेळ भिंतीला टेकून उभा होता. तो पुढे आला आणि त्यानं काकांची छत्री उचलून त्यांच्या हातात दिली.

"मी सोडतो तुम्हाला, काका. गाडी आहे."

"बस मिळते रे मला."

"माहितेय. तरी सोडतो."

दारात बाबा म्हणाले, "येत जा." काका म्हणाले, "बघू." तीस वर्षांनंतर एवढंच जमलं, आणि तेही पुष्कळ झालं असं ज्याला वाटत असेल त्याला वाटो. हजेरीपत्रकं शिवण्यात गेलेले दिवस 'येत जा' म्हटल्यानं परत येत नाहीत. ते दोघांनाही कळत होतं.

सहाला बाईंचा माणूस आला आणि गठ्ठा घेऊन गेला. सातची गाडी होती म्हणून मुलीनं पिशवी भरली, टेबल आवरलं, स्टूल जागेवर नेऊन ठेवलं. तिनं बाबांच्या खांद्यावर हात ठेवला तर त्यांनी तो थोपटला आणि बाजूला केला. रागानं नाही. "निघ तू," म्हणाले. "गाडी चुकेल." मग कपाटातून 'निळी'चं जुनं हस्तलिखित काढून टेबलापाशी नेलं, स्वयंपाकघरात जाऊन एक पेला भरून आणला आणि दार लोटून घेतलं.

ती बाहेर चपला घालत होती तेव्हा वाचण्याचा आवाज आला. "'त्या दिवशी सभागृहात स्वल्पविराम...'" दुसरा नव्हे, तो गळलेला परिच्छेद. तिला तोही पाठ होता. ते सावकाश वाचत होते, आवाज न चढवता, एकेका नावापाशी थांबत. ती तशीच वाकून राहिली, एक चप्पल हातात. शेवटचं वाक्य झालं. "'...आणि सही करणारा हात थरथरला नाही पूर्णविराम.'"

मग काहीच ऐकू येईना. ही जागा आईची होती, इथं आई बोलायची. आत जाऊन आपण म्हणावं का, असं तिला वाटलं. तिनं दाराला हात लावला.

काचेचा पेला लाकडावरून पलीकडे, रिकाम्या खुर्चीच्या बाजूला सरकवल्याचा आवाज झाला.

"पाणी पी तू आधी," बाबा आत म्हणाले. "मी थांबतो."